दारावरची पाटी आणि दोन टिंबांचा ज

भाचीला वाढदिवसाला काय हवं विचारलं तर म्हणाली, मावशी मला खोलीच्या दारावर एल्विशमधे पाटी करून दे. बारावं लागत होतं तिला. मागच्या वर्षी सायकल मागितली होती त्या मानाने मी स्वस्तात सुटले असं मला वाटलं. नेटवर जायचं, कन्व्हर्टरमधे टाकायचं, प्रिंट काढायची, संपलं. पाटीवर काय लिहायचं तेही बाईसाहेबांनी वहीच्या मागच्या पानावर आधीच लिहून ठेवलेलं.

ही जागा माझी आहे.
टकटक करून आत या.
मांजराला सगळं माफ.

या तीन ओळींना मला पावणेदोन महिने लागले आणि त्यातला जवळजवळ एक महिना फक्त ज वर गेला.

पहिल्याच दिवशी कळलं की एल्विशमधे लिहून दे हे वाक्यच गडबड आहे. एल्विश अशी एक भाषा नाहीच. द लॉर्ड ऑफ द रिंग्ज लिहिणाऱ्या टोल्किनने त्याच्या गोष्टीतल्या एल्फ लोकांसाठी मुख्य दोन भाषा नीट बसून घडवल्या, क्वेन्या आणि सिंदारिन, पहिलीवर फिनिशची छाया आहे आणि दुसरीवर वेल्शची. आणि आपल्याला जी वळणदार अक्षरं आठवतात, अंगठी आगीत टाकल्यावर उमटतात ती, ती भाषा नाही, लिपी आहे, तिचं नाव तेंगवार. गंमत म्हणजे अंगठीवरची भाषा एल्फांची नाहीच, ती मॉर्डोरची, म्हणजे गोष्टीतल्या दुष्टांच्या राज्याची, काळी भाषा, फक्त अक्षरं एल्फांची. आपली कोकणी कशी कुणी देवनागरीत लिहितं, कुणी रोमीत, कुणी कन्नड लिपीत, तसंच. म्हणून भाचीला विचारलं, तुला भाषा हवीय का लिपी? तर म्हणे भाषा मराठीच पायजे, मांजराला कळायला नको का.

बरं.

कन्व्हर्टर जे दोनचार सापडले ते सगळे इंग्रजी धरून चालणारे. रोमनमधे टाईप केलं की टकटक मधला ट आणि आत मधला त दोघांना एकच अक्षर. भाचीला चालून गेलं असतं कदाचित पण मला काही ते पटेना, "आट या" लिहिलेली पाटी लावायची म्हणजे आमच्याकडे काय गोरा साहेब राहतो का. मग द लॉर्ड ऑफ द रिंग्ज काढलं. तिसरा खंड १९५५ चा, त्याच्या शेवटी परिशिष्टं आहेत, त्यातलं ई परिशिष्ट उच्चार आणि लिपीचं. मी दोनदा पुस्तक वाचलंय आणि दोन्ही वेळा हे परिशिष्ट न वाचता पुस्तक मिटलंय हे आधीच कबूल करून टाकते.

तर तेंगवारची मुख्य अक्षरं २४, आणि वर १२ जास्तीची. मुख्य २४ चा तक्ता आहे, चार उभे रकाने, सहा आडव्या ओळी. प्रत्येक अक्षर म्हणजे एक दांडी आणि तिला चिकटलेलं पोट, खरी नावं तेल्को आणि लूवा, पण आमच्या घरात दांडी आणि पोट हेच रूढ झालं. पोट उजवीकडे का डावीकडे, उघडं का आडव्या रेघेने बंद, यावरनं रकाना ठरतो, म्हणजे तोंडात आवाज कुठे होतो ते. आणि दांडी खाली गेलीय का वर, पोट एक का दोन, यावरनं ओळ ठरते, म्हणजे आवाज कसा होतो ते. त घ्या. दांडी खाली, पोट एक. त्याला अजून एक पोट द्या की झाला द. प ला दुसरं पोट दिलं की ब, च चा ज, क चा ग. नाकातून काढायचाय? पोटं दोनच ठेवा आणि दांडी आखूड करा, द चा न, ब चा म.

मी हा तक्ता वहीत उतरवून घेतला, खाली आपली मराठी अक्षरं पेन्सिलीने लिहिली आणि वही ओट्यावर तशीच टाकून फोनवर बोलत बसले. आई आली. आई म्हणजे भाचीची आजी, तीस वर्षं जिल्हा परिषदेच्या शाळेत पहिली दुसरीला शिकवलंय तिने. वही तिच्या बाजूने आडवी होती, त्यामुळे तिला माझे उभे रकाने आडवे दिसत होते. कुकरची शिटी लावता लावता तिने वाचलं, "त द न. प ब म. च ज ञ. क ग ङ. महाप्राण कुणी खाल्ले?"

फोन ठेवून मी बघतच बसले. वही नव्वद अंशात फिरवली की ती वर्णमालाच होती. कवर्ग, चवर्ग, तवर्ग, पवर्ग, फक्त क्रम वेगळा आणि मधले ख घ छ झ गायब. लहानपणी आपण क ख ग घ ङ घोकतो, पावसाच्या गाण्यासारखं, आणि त्याला काही कारण असेल असं कधी डोक्यातही येत नाही. घशातनं सुरू करून ओठापर्यंत यायचं, प्रत्येक ठिकाणी आधी साधा, मग हवेचा, मग घुमणारा, मग दोन्ही, शेवटी नाकातला. प्रातिशाख्यांपासून, म्हणजे वेदांच्या उच्चारांवरच्या जुन्या ग्रंथांपासून, चालत आलेली मांडणी आहे ही, आणि मला ती चाळिशीत एका गोऱ्या माणसाच्या पऱ्यांच्या गोष्टीच्या मागच्या पानात दिसली. हा माणूस १९२५ पासून ऑक्सफर्डला अँग्लो-सॅक्सन शिकवायचा, त्याच्या आधी ऑक्सफर्ड डिक्शनरीच्या कामावर होता, म्हणजे आवाजांचे तक्ते हा त्याचा धंदाच होता, आणि तौलनिक भाषाशास्त्र ज्याने शिकलं त्याचं संस्कृतवाचून भागत नाही.

पण आईचा प्रश्न राहिलाच. महाप्राण कुठे गेले? माझी मधला झ कसा लिहायचा? तिसऱ्या आणि चौथ्या ओळीत दांडी वर जाते, ती इंग्रजी थिंक मधल्या, दॅट मधल्या उच्चारांसाठी, फ व साठी, आपले ख घ ते नव्हेत. त्या रात्री परिशिष्ट परत वाचलं, यावेळी बोट ठेवून, आणि तिथे होतं एक साधं वाक्य. फेआनोर, म्हणजे गोष्टीत ज्याने ही लिपी केली तो एल्फ, त्याच्या मूळ पद्धतीत अजून एक पायरी होती, दांडी वर आणि खाली दोन्हीकडे वाढवलेली, आणि ती बहुतेक वेळा महाप्राण व्यंजनांसाठी असायची. पुढे तिसऱ्या युगातल्या भाषांना गरज नव्हती म्हणून त्या कामासाठी ती वापरात राहिली नाही.

म्हणजे टोल्किनबाबाने जागा ठेवलेली होती! घर बांधताना एक खोली जास्तीची काढून ठेवावी आणि कुणी राहायलाच येऊ नये तसं. मी रात्री साडेबाराला आईला उठवून सांगितलं. ती म्हणाली "हं, मग बरोबर आहे," आणि कूस बदलली.

पुढचे चार दिवस मी हवेत होते कारण जे उघडावं ते आपलंच निघत होतं. क्वेन्यात अ फार येतो म्हणून त्याची खूण बऱ्याचदा लिहायचीच नाही, व्यंजन मोकळं दिसलं की त्यात अ आहे असं धरायचं. टोल्किनने उदाहरण दिलंय काल्मा शब्दाचं, काल्मा म्हणजे दिवा, तो फक्त क ल म एवढाच लिहिला तरी वाचणारा काल्माच वाचतो, कलमा नाही, कारण तसा शब्दच नाही. आपण तरी काय करतो? "बसला" लिहितो, ब स ला, आणि वाचतो बस्ला, स चा पाय कुणी मोडत नाही. टकटक तर सोपंच झालं, चार मोकळी अक्षरं. मग स्वरांच्या खुणा अक्षराच्या डोक्यावर, तीन टिंबं आ ची, एक टिंब इ ची, तिरकी रेघ ए ची. सिंदारिनमधे स्वराची खूण पुढच्या व्यंजनावर देतात कारण तिथे शब्द बहुतेक व्यंजनावर संपतात, क्वेन्यात आधीच्या व्यंजनावर. आपला काना मात्रा आधीच्याच व्यंजनाला लागतो, त्यामुळे आम्ही डोळे झाकून क्वेन्याची रीत घेतली. ऱ्हस्व दीर्घ सोडून दिलं. आईने यावर बराच आरडाओरडा केला, तीस वर्षं त्याचेच मार्क कापलेत तिने, पण मी म्हटलं मोडीत तरी कुठे होता इ ई चा भेद, उ ऊ चा भेद, सगळी पेशवाई त्यातच चालली ना. यावर तिला उत्तर सुचलं नाही, पण अजून मनातनं गेलेलं नाही ते.

भाचीचा जीव मात्र अक्षरांच्या नावांवर. तिंको म्हणजे धातू, पार्मा पुस्तक, क्वेस्से पीस, उंग्वे कोळ्याचं जाळं, आंका जबडा, अल्दा झाड. आपल्याकडे अ अननसाचा असतो, इथे अक्षराचंच नाव तो शब्द. चार अक्षरं तर चक्क दिशांची नावं आहेत, पश्चिम दक्षिण पूर्व उत्तर, याच क्रमाने, कारण एल्फ पश्चिमेकडे तोंड करून दिशा मोजतात. मग दक्षिण त्यांच्या डाव्या हाताला. आपल्याकडे तोंड पूर्वेला, म्हणून दक्षिण उजवीकडे, दक्षिण शब्दाचा अर्थच मुळात उजवा. भाची अर्धा तास हॉलमधे गोल फिरत होती, एकदा एल्फ होऊन आणि एकदा भटजी होऊन.

आता अडचणी. ट ठ ड ढ ण ला रकानाच नाही. रकाने चारच, आपले वर्ग पाच. पण मराठीला थिंक मधला आवाज लागत नाही, म्हणजे तवर्गाच्या रकान्यातली वर दांडीची अक्षरं रिकामी, तिथे ट आणि ड बसवले. दांडी वर गेली की जीभ पण वर जाते असं भाचीने लक्षात ठेवलंय, हे माझ्या डोक्यात पण आलं नव्हतं. ण साठी सहाव्या ओळीतलं अक्षर घेतलं, आखूड दांडी एक पोट, पुस्तकातल्या मोरियाच्या दारावरच्या मजकुरात त्या अक्षराला न चं काम दिलंय तेव्हा अगदीच आगाऊपणा नाही. ळ ला अल्दा दिलं. ठ आणि ढ ला मात्र काही सुबक सुचलं नाही, शेवटी ट ला ह जोडून ठ केला, दोन अक्षरं. हा माझ्या तक्त्यातला डाग आहे, आणि नशीब बघा, मराठी हा शब्दच त्या डागाशिवाय लिहिता येत नाही. पोटफोड्या ष ला श मधे ढकललं. क्ष ज्ञ चं काय ते नंतर बघू म्हटलं, ते नंतर अजून आलेलं नाही.

आणि मग ज.

जागा लिहिलं. माझी लिहिलं. आईने पाटीचा कागद हातात घेतला आणि म्हणाली, तू आवाजाप्रमाणे लिहितेयस ना? मग जागा मधला ज आणि जीवन मधला ज एकच कसा?

मी म्हटलं आई, देवनागरीत एकच आहे.

ती म्हणाली देवनागरीचं सोड, देवनागरी काही आपल्यासाठी केलेली नव्हती. इथे तू करतेयस ना लिपी, मग नीट कर.

मला या वाक्यानंतर खरंच झोप आली नाही. कारण तिचं बरोबर होतं. मराठीत च ज झ चे दोन दोन उच्चार आहेत, एक तालव्य, चहातला, आणि एक दंततालव्य, चाकातला, आणि लिहिताना आपण काडीचाही फरक करत नाही. चारचाकी म्हणून बघा, एकाच शब्दात दोन्ही च. "या जगात जगायचं" म्हणून बघा. मराठी शिकणाऱ्या बाहेरच्या माणसाला यात घाम फुटतो आणि आपण म्हणतो त्यात काय एवढं, ऐकून ऐकून येतं. आणि पाटीवरच्या ओळीत तर हे ठासून भरलेलं, जागा दंततालव्य, माझी तालव्य, मांजर परत दंततालव्य. वर माझी चं माझा केलं की झ बदलतो, माझ्या केलं की परत मूळपदावर. आई म्हणाली इ, ए, य पुढे आला की तो तालव्य होतो, आ उ ओ पुढे काहीही होऊ शकतं, ते कानाने कळतं.

मी पहिल्यांदा त आणि स जोडून त्स करून बघितलं, तेंगवारमधे अक्षराच्या खाली छोटा हूक काढून पुढचा स दाखवायची सोय आहे. जागा ऐवजी "द्झागा" झालं. भाची म्हणाली मावशी हे रशियन वाटतंय. मग एक आठवडा दोन ज साठी दोन वेगळ्या रकान्यांतली अक्षरं वापरली, पण मग माझा आणि माझी एकमेकांचे कुणीच लागत नाहीत असं दिसायला लागलं, भाऊबहीण वेगळ्या आडनावाचे. मग सगळं फाडून टाकलं. मग काही दिवस ऑफिसमधलं काम आलं आणि मी विषयच बंद केला.

उत्तर बसमधे सापडलं. क्वेन्यात व्यंजनाच्या खाली दोन टिंबं दिली की त्यापुढे य आहे असं समजतात. आणि आई काय म्हणाली होती, य आला की तालव्य. मग सरळ आहे ना! साधं अक्षर दंततालव्य, चाकाचा च, जागेचा ज. खाली दोन टिंबं दिली की चहाचा च, जीवनाचा ज. अक्षर तेच राहतं, माझा आणि माझी एका घरातले दिसतात, फक्त माझी च्या झ खाली दोन टिंबं. मी स्टॉप सोडून पुढे गेले होते, परत चालत आले, पण घरी येऊन चपला काढायच्या आधी आईला दाखवलं. तिने काही बोलायच्या ऐवजी लगेच शुद्धलेखनच घ्यायला सुरुवात केली. मला आणि भाचीला डायनिंग टेबलावर बसवलं, मधे पुठ्ठा उभा केला कॉपी करू नये म्हणून, आणि एकेक शब्द दोनदा, खड्या आवाजात. चूक. चंद्र. पाच. जावई. जेवण. माझ्या. चांगला. भाचीला दहापैकी नऊ, मला आठ, जेवणाला टिंबं विसरले. लाल पेनने खुणा केल्या तिने. मी चाळीस वर्षांची आहे.

फ वरनं थोडी वादावादी झाली. माफ मधला फ आई ओठ मिटून म्हणते, फळातला, भाची दात लावून म्हणते, फोनमधला. दोन्हींना वेगळी अक्षरं आहेत, फळाला दोन्हीकडे लांब दांडीचं, फोनला फोर्मेन, ते दांडी वर गेलेलं. दार भाचीचं म्हणून फोर्मेन ठेवलं.

मग मोठ्या ऐटीत मी पहिला पूर्ण कागद काढला आणि त्यात दोन चुका निघाल्या, दोन्ही माझ्या शहाणपणाच्या. तेंगवारमधे अक्षरावर आडवी रेघ दिली की त्याच्या आधी त्याच वर्गातलं अनुनासिक आहे असं धरतात, म्हणजे आपला अनुस्वारच की, मी खूश. मांजर मधे दिली. सगळं मधे पण दिली. पण आपलं टिंब आधीच्या अक्षरावर बसतं, मां वर, आणि त्यांची रेघ पुढच्या अक्षरावर, ज वर. मांजर मधे मी ती बरोबर ज वर दिली होती, आणि सगळं मधे सवयीने ळ वर, त्यामुळे वाचताना ते "सगंळ" होत होतं. शिवाय सगळं मधे नाकाचा संबंध काय? ते सगळे चं सगळं झालंय, बोलताना शेवटचा अ नुसता लांबतो, टिंब ही फक्त त्याची पाटी. हे पण आईनेच दाखवलं, नाक दाबून सगळं म्हणून दाखवलं, काहीही फरक पडत नाही, करून बघा. मग त्या लांब अ ला वेगळी खूण लागली. आ ची तीन टिंबं घाईत लिहिताना टोपीसारखी जोडून काढतात असं परिशिष्टात आहे, ती टोपी इकडे वापरली. टिंबं म्हणजे आ, टोपी म्हणजे सगळं केलं झालं मधला अं.

दुसरी चूक करून मधल्या ऊ ची. उ ची खूण म्हणजे छोटं वळण, एका बाजूला उघडं, आणि ओ ची तेच वळण दुसऱ्या बाजूला उघडं. मी अंगठीवरनं बघून उजवीकडे उघडं काढलं. भाचीने पुस्तकाच्या शीर्षकाच्या पानावरची तेंगवारची ओळ शेजारी ठेवली आणि म्हणाली मावशी इथे तर हे ओ आहे. दोन्ही बरोबर! उजवीकडचं वळण काढायला लोकांना आवडतं म्हणून ज्या भाषेत जो स्वर जास्त येतो त्याला ते देतात, आणि काळ्या भाषेत ओ फारसा येतच नाही म्हणून अंगठीवर ते उ ला दिलंय. पण आम्ही बाकी सगळं शीर्षकाच्या पानाप्रमाणे धरलेलं, त्यामुळे पाटीवर झालं "टकटक करोन आत या". आई हसून हसून खाली बसली. म्हणाली राहू दे की, ज्ञानोबांच्या काळातलं वाटतंय, करोनि आत येइजे.

फॉन्टचं थोडक्यात सांगते कारण आठवलं तरी त्रास होतो. युनिकोडमधे तेंगवारला अधिकृत जागा नाही, त्यामुळे बरेचसे फॉन्ट इंग्रजी कीबोर्डच्या बटणांवरच ही अक्षरं बसवतात, १ दाबलं की तिंको, त्याच्या खालच्या क्यू वर पार्मा, त्याखाली ए वर काल्मा. म्हणजे स्क्रीनवर तेंगवार दिसतं पण आत सगळे आकडे आणि रोमन अक्षरं. मी लाकडावर लेझर करून घ्यायला फाईल पाठवली, दुकानातल्या कॉम्प्युटरवर तो फॉन्ट नव्हता, आणि पाटीवर कोरून आलं आकडे, टक्क्याचं चिन्ह, कंस, परत आकडे, एखाद्याचा वायफाय पासवर्ड असावा तसं. दुकानदार म्हणाला ताई, फाईल कर्व्ह करून (म्हणजे अक्षरांचे नुसते आकार करून) आणायची ना. त्याचं बरोबर होतं. साडेसातशे रुपये गेले. ती पाटी आता फुलझाडांच्या कुंडीखाली आहे.

शेवटी हातानेच करायचं ठरलं. तेंगवारचं सौंदर्य सगळं जाड बारीक रेघेत आहे, चपट्या टोकाने लिहावं लागतं. आईने कपाटातनं तिचा जुना बोरू काढला, फळा सुशोभनाच्या काळातला, मी शाईत बुडवला आणि लिहिलं तर पोटं सगळी नको तिथे जाड आणि नको तिथे बारीक, अक्षर आजारी माणसासारखं. तासभर मला वाटलं हात वाईट आहे. मग लक्षात आलं बोरू देवनागरीसाठी कापलेला आहे. देवनागरीत खालनं डावीकडनं वर उजवीकडे जाणारी तिरकी रेघ जाड येते, रोमनमधे बरोब्बर उलट, आणि तेंगवारचं वळण रोमनच्या बाजूचं. कापच उलटा हवा. आईने दुसरा बोरू घेतला, ब्लेडने उलटा तिरका काप दिला, अंगठ्यावर टोक घासून बघितलं, आणि म्हणाली आयुष्यभर पोरांना असा काप दिला म्हणून ओरडले मी.

कागदावर त्या बोरूने गिरवलं, मग कार्बन ठेवून सागाच्या फळीवर उतरवलं, आणि चपट्या ब्रशने पांढरा अॅक्रिलिक. वाढदिवस तोपर्यंत होऊन तीन आठवडे झाले होते. केकच्या दिवशी भाचीला मी लिफाफ्यात फक्त तक्ता दिला होता, तिची अजिबात तक्रार नव्हती, कारण दुसऱ्या दिवशी वर्गातल्या दोघी जणींना तो पाठ. आता चिठ्ठ्या तेंगवारमधे जातात. बाईंनी एक पकडली म्हणे, उलटसुलट करून बघितली आणि ड्रॉइंग चांगलंय म्हणून परत दिली.

पाटी दारावर आहे. मांजर त्याखालनं ये-जा करतं, टकटक न करता.

मागच्या रविवारी गेले होते तर किचनमधे वरच्या फळीवर एक स्टीलचा डबा, त्याला पांढरी पट्टी चिकटवलेली आणि त्यावर मार्करने तेंगवार. अक्षर आईचं, पोटं जरा देवनागरी वळणाची. मी खालनं मान वर करून वाचायला लागले. पहिलं अक्षर च. खाली टिंबं नाहीत, म्हणजे चाकाचा. मग क. मग ल, डोक्यावर एक टिंब. चकली! स्टूल आणलं, डबा काढला, उघडला. आत मुगाची डाळ.

आई मागेच उभी होती. "येतं का वाचता ते बघत होते," म्हणाली. "टिंबं बघितलीस ना?"